तलावाकाठची दिल्ली

आमच्या गावात दिल्ली पाहिलेली माणसं बोटांवर मोजण्याइतकी. पण दिल्ली पाठ असलेला माणूस घरटी एक सापडेल. पानठेल्यावर सुपारी कातरणाऱ्याला विचारा, लाल किल्ल्यातून निघालं की आधी घंटाघर लागतं की फतेहपुरी. तो अडकित्ता न थांबवता सांगेल. धानाच्या रोवण्याला निघालेल्या बाईला विचारा, दिवाण-ए-आम आधी की दिवाण-ए-खास. एवढंही माहीत नाही का, अशा नजरेनं ती तुमच्याकडे पाहील. यातल्या कित्येकांनी नागपूरही धड पाहिलेलं नाही.

हा सगळा सेलोकर गुरुजींचा प्रताप. भंडारा जिल्ह्यातल्या कोंढ्यापासून सायकलीच्या अंतरावर आमचं गाव. तिथल्या सातवीपर्यंतच्या शाळेत गुरुजी नोकरीला लागले आणि तिथूनच निवृत्त झाले. बदली झाली की ते तालुक्याला जात, साहेबापुढे गप्प उभे राहत, आणि बदली रद्द करून परत येत. साहेबाला काय सांगत ते कोणालाच कळलं नाही. काकू, म्हणजे त्यांची बायको, म्हणत, "काही सांगत नसतीन. नुसते उभे राहात असतीन. समोरचा कटाळते ना बाप्पा."

उंची बेताची, चाल झपाझप. छत्री बारमाही जवळ; पावसाळ्यात हातात आणि इतर वेळी सदऱ्याच्या कॉलरला मागून अडकवलेली. सायकल होती, पण तिच्यावर बसलेले ते क्वचितच दिसत. रस्त्यात भेटेल त्याच्याशी बोलत जायचं, म्हणून ती हातात धरून चालत. "चालल्याशिवाय रस्ता पाठ होत नाही," हे त्यांचं ठरलेलं वाक्य. भूगोल असो, कविता असो की पाढे, ते आम्हाला वर्गाबाहेर काढून चालवत. सातचा पाढा मला आजही बसल्या जागी नीट येत नाही, चालायला लागले की येतो.

आणि शनिवारी सकाळच्या शाळेत दिल्ली असायची. आदल्या संध्याकाळी गुरुजी मैदानावर राखेनं रस्ते आखून ठेवत. आमच्या शाळेचं तोंड उगवतीला आणि पाठीमागे, मावळतीला, गावाचा तलाव. शाळा म्हणजे लाल किल्ला. शाळेचा व्हरांडा म्हणजे लाहोरी दरवाजा. तिथून समोर मैदान ओलांडून रोडाच्या फाटकापर्यंत चांदणी चौक. हेडमास्तरांची खोली दिवाण-ए-खास, ते हेडमास्तरांनाही आवडायचं. व्हरांड्यातून उतरलं की उजव्या हाताला चिंचेचं झाड होतं, ती जामा मशीद. आणि मागे तलाव, ती यमुना. तलावात गावातल्या म्हशी डुंबत असत. बादशहाच्या काळीही डुंबतच असतील, असं गुरुजी म्हणत.

प्रत्येक पोराला एक ठिकाण मिळायचं. माझं नाव मीना, म्हणून मी मीना बाजार. वर्गात सगळ्यांत उंच देवराम, तो कुतुबमिनार. कुतुबमिनार दिल्लीच्या एका टोकाला, त्यामुळे देवरामला पार पडीत जमिनीच्या कडेला उन्हात एकटंच उभं राहावं लागे. बाकीची दोन-दोन पोरं वाटसरू होऊन फिरायची आणि आम्ही आपापली माहिती सांगायची. देवरामपर्यंत कोणी पोचेपर्यंत सुट्टीची घंटा व्हायची. ही नावं पुढे चिकटली ती चिकटलीच. देवराम मोठेपणी सरपंच झाला, त्याच्या पोरांची लग्नं झाली, तरी गुरुजी भर ग्रामसभेत त्याला हाक मारत, "का गा कुतुब, नळाचं काय झालं?"

एकदा तपासणीचे साहेब आले. वर्ग ओस आणि पोरं मैदानभर पुतळ्यासारखी उभी. साहेब तापले. त्यांनी जवळच्या पोराला विचारलं, "दिल्ली कोणत्या नदीकाठी आहे?" पोरगं म्हणालं, "यमुनेच्या, साहेब. ते काय मागं." साहेबांनी मागे पाहिलं. तलावात एक म्हातारा जाळं टाकत होता. साहेब हसायला लागले आणि जाईपर्यंत हसत होते. शेरा चांगला मिळाला. तलाव कोणत्या दिशेला आहे, हे ना साहेबांच्या लक्षात आलं, ना आमच्या. खरी यमुना लाल किल्ल्याच्या उगवतीला आहे. आमची मावळतीला होती.

गुरुजी स्वतः दिल्लीला कधी गेले नव्हते. त्यांच्याकडे जुन्या दिल्लीचा एक नकाशा होता, घड्यांवर फाटलेला आणि पुढे तोही वाळवीनं खाल्ला. जायचं दरवर्षी ठरे. एका वर्षी बहिणीचं लग्न, एका वर्षी धान गर्भात असताना तलाव फुटला, एका वर्षी भाऊ आजारी. "दिल्ली कुठं पळून जाऊन राहिली?" असं म्हणून ते राखेची टोपली उचलत.

न पाहिलेलं दाखवण्यात त्यांचा हात धरणारा कोणी नव्हता. आमची सहल एकदा आंबागडला गेली. किल्ल्याच्या पायथ्यालाच एका मुलीचा पाय मुरगळला. गुरुजी तिच्यापाशी खालीच थांबले आणि आम्हाला दुसऱ्या सरांबरोबर वर पाठवलं. आम्ही वर गेलो, डबे खाल्ले, माकडं पाहिली आणि खाली आलो. दुसऱ्या दिवशी वर्गात किल्ल्याबद्दल बोलायला लावलं, तर सगळ्यांत सुंदर बोलली ती पाय मुरगळलेली पोरगी. दरवाजा कसा वळून आत जातो, बुरुजावरून रानं कशी दिसतात, सगळं सांगितलं. वर जाऊन आलेले आम्ही तोंडात बोट घालून ऐकत होतो. गुरुजीही तोवर वर गेलेले नव्हते, हे आम्हाला फार पुढे कळलं.

त्यांना निवृत्त होऊन बरीच वर्षं झाल्यावर, आमच्या वर्गाचा मोबाइलवर ग्रुप झाला. तसे सगळ्यांचेच होतात. मग गेट-टुगेदर आलं, शाल-श्रीफळ आलं. कोणीतरी म्हणालं, शाली गुरुजींकडे पेटीभर आहेत, आपण त्यांना दिल्ली दाखवू. पुण्यातल्या एकानं मोबाइलवरच सगळं ठरवलं: एक दिवस, स्वतंत्र गाडी, स्वतंत्र गाइड, सकाळपासून संध्याकाळपर्यंत फक्त आपल्यासाठी. सोबतीला मी आणि देवराम. मी भंडाऱ्याला कॉलेजच्या लायब्ररीत आहे, सुट्टी मिळाली. काकूंना गुडघ्यांमुळे जमत नव्हतं. त्या म्हणाल्या, "यायले एकदा दाखवून आना वो माय. मंग तरी माह्या घरातली दिल्ली बंद होईन."

थंडीचे दिवस होते. सकाळी हॉटेलच्या दारात गाइड हजर. नगमा तिचं नाव, जुन्या दिल्लीतलीच, पोरसवदा, बोलायला चटपटीत. गुरुजींनी नमस्कार केला आणि पिशवीतून चिन्नोर तांदळाची पुडी काढून तिच्या हातात ठेवली. ती गोंधळली. गुरुजी आमच्याकडच्या हिंदीत म्हणाले, "बेटी, पहली बार किसी के गाँव जाते तो खाली हाथ नहीं जाते. पका के देखना, घर भर सुगंध आयेगा." पोरीनं पुडीचा वास घेतला आणि ती गाडीत पुढच्या सीटवर मांडीवरच ठेवली.

लाल किल्ल्यासमोर उतरलो. धुकं नुकतंच विरळ होत होतं. नगमानं सुरुवात केली, "तो गुरुजी, ये है लाहोरी गेट..." गुरुजींनी हात वर केला. "बेटी, आप जरा आराम करो. मैं बताता हूँ." ते दरवाज्याकडे पाठ करून उभे राहिले. छत्री हातात घेतली आणि डोळे मिटले. मी आणि देवराम नकळत सरळ उभे राहिलो, शनिवारी राहायचो तसे. गुरुजी बोलायला लागले, "मेरे पीछे किला. सामने सीधा चांदनी चौक. गुरुद्वारा, घंटाघर, आखिर में फतेहपुरी. और दाहिने हाथ पे," छत्री उजवीकडे गेली, "जामा मस्जिद."

नगमा हळूच म्हणाली, "बाएँ, गुरुजी."

गुरुजींनी डोळे उघडले. उजवीकडे जामा मशीद नव्हती. डावीकडे धुक्यातून तिचे घुमट आणि मिनार वर आलेले दिसत होते. छत्री तशीच हवेत राहिली. मग ती त्यांनी खाली घेतली आणि कॉलरला अडकवली. पहिल्या खेपेला ती नीट अडकली नाही.

आम्ही किल्ल्यात शिरलो. नगमा सांगत होती ते गुरुजी मान खाली घालून ऐकत होते, चुकलेला विद्यार्थी ऐकतो तसे. दिवाण-ए-खासच्या मागे, जिथून पूर्वी यमुना दिसायची, तिथं उभे राहून त्यांनी विचारलं, "नदी?" नगमानं सांगितलं, नदी इथूनच वाहायची, आता ती सरकली, मध्ये रस्ता आहे. ऊन त्याच बाजूनं येत होतं. गुरुजींनी सूर्याकडे पाहिलं आणि ते कठड्याजवळच्या दगडावर बसले.

देवरामला राहवेना. तो म्हणाला, "जाऊ द्या ना गुरुजी. दिल्लीवाल्यायनंच नदी चुकीच्या बाजूले नेली असंन."

मी हसले. गुरुजी हसले नाहीत. मग मी समजूत घालायला गेले, "गुरुजी, कोन पाहाते? एवढ्या वर्षांत कोणाचं काही अडलं का?"

त्यांना इतकं रागावलेलं मी शाळेतही पाहिलं नव्हतं. "कोन पाहाते? मी शिकवलं ना तुमाले! अख्ख्या गावाच्या डोक्यात मी दिल्ली उलटी भरून ठेवली." मग आवाज उतरला. "मले माहीत होतं, मीना. नकाशात नदी उगवतीलेच होती. पण आपल्या पोट्ट्यायले पान्याशिवाय नदी कशी समजंन? अन् पानी मावळतीले. म्हनलं, यमुना इकडं धरू. त्याच्यानं डावं-उजवंही पलटलं. पयल्या वर्गाले सांगतलं होतं, घरी जाऊन उलटं समजून घ्या म्हनून. मंग सांगाचं राहून गेलं. मंग मीच इसरलो." आणि लगेच म्हणाले, "का पयल्या वर्गालेही नोहतं सांगतलं? आता आपल्या मनाचं समाधान करून राहिलो काय मी?"

 आम्ही त्या पहिल्या वर्गानंतर कितीतरी वर्षांनी शाळेत गेलो होतो.

त्यानंतरचा सगळा बेत गुरुजींनी मोडला. हुमायूनची कबर नको, इंडिया गेट नको. "बेटी, हमको सिर्फ नदी बताओ." नगमानं विचारलं, पक्कं ना? लोक नदी पाहायला येत नाहीत. पण दिवस आमचा होता आणि गाडी आमची. ती आम्हाला किल्ल्यापासून जवळच्याच एका घाटावर घेऊन गेली. पाणी काळपट, वास येत होता आणि वर पांढऱ्या पक्ष्यांचे थवे. गुरुजी नदीकडे पाठ करून उभे राहिले आणि मोठ्यानं घोकायला लागले. "माझ्या पाठीमागे यमुना, उगवतीला. समोर जरा डावीकडे किल्ला. किल्ल्याच्या पलीकडे चांदणी चौक, मावळतीकडे जातो..." घाटावरचा नावाडी वल्हं धरून पाहत राहिला. चार पावलं पुढं जाऊन पुन्हा पहिल्यापासून. त्यांना पाठ करायला किती वेळ लागला कोण जाणे. नगमानं एकदाही घड्याळ पाहिलं नाही. शेवटी तीच त्यांचा पाठ घ्यायला लागली, "और जामा मस्जिद, गुरुजी?" आणि गुरुजींनी बरोबर डावा हात वर केला.

देवराम मात्र घुश्श्यात होता. परतताना गाडीत म्हणाला, "गुरुजी, तुमची नदी झाली. मले कुतुब पाहाचा आहे. जलमभर त्याच्या नावानं उन्हात उभा राहिलो." गुरुजींनी त्याच्याकडे पाहिलं आणि त्या दिवसात पहिल्यांदा त्यांच्या चेहऱ्यावर जरा हसू आलं. फाटक बंद होण्याआधी आम्ही तिथं पोचलो. देवराम मिनाराखाली मान वर करून बराच वेळ उभा होता, कोणाला फोटो काढू देईना. गुरुजी तेवढ्यात एका माळ्याला विचारत होते, "भैया, यहाँ से यमुना किस बाजू?"

गावी परत आल्यावर गुरुजी आधी शाळेत गेले. मैदानावर आता सिमेंटच्या फरश्या आहेत आणि नव्या मॅडम पडद्यावर नकाशा दाखवतात. त्यात यमुना बरोबर जागी आहे. मॅडमनी खुर्ची दिली, चहा दिला, मुलांना पाया पडायला लावलं. गुरुजी समाधानानं बाहेर आले. या मुलांचं काही बिघडलेलं नव्हतं. बिघडलेली होती ती आमच्यासारखी, पिकल्या केसांची.

मी म्हटलं, "ग्रुपवर टाकून देते, सगळ्यांना एकदम कळेल." ते म्हणाले, "फोनात दिशा कशी दाखवशीन?" आणि खरंच, त्यांना हे नुसतं सांगून चालत नव्हतं. ते माणसाला खांद्याला धरून उगवतीकडे वळवत, हात लांब करायला लावत, म्हणून घेत आणि मगच सोडत. गावातली माणसं लवकर आटोपली. पानठेल्यावर, गिरणीवर, सोसायटीच्या ओट्यावर रोज एक-दोघं वळवली जात. देवराम सरपंच होता तेव्हा जेवढी कामं गावात झाली नव्हती, तेवढी एका महिन्यात गुरुजींनी केली, असं लोक म्हणायचे. काकू कपाळाला हात लावून म्हणत, "घरातली बंद झाली, अन् गावभर सुरू झाली."

अवघड होतं ते सासरी गेलेल्या पोरींचं. त्यांची सासरं जिल्हाभर पसरलेली. गुरुजी पहाटेची एसटी पकडून एकेकीकडे जायला लागले. आणि इथं एक भलतंच झालं. आंधळगावला शेवंता म्हणून एक विद्यार्थिनी. दुपारी ती अंगणात वड्या घालत होती. दारात पाहते तर माहेरचा म्हातारा माणूस, न कळवता आलेला, छत्री कॉलरला, तोंड गंभीर. आमच्याकडे माहेरचं वडीलधारं माणूस असं अचानक, भर दुपारी दारात आलं, तर ते एकाच कामासाठी आलेलं असतं. शेवंता वड्यांतच बसली. "कोन गेलं, गुरुजी?" गुरुजी तहानेनं व्याकूळ, त्यांनी नुसता हात वर केला. तिनं आकांत मांडला. शेजारच्या बाया धावत आल्या, कोणी तिला धरलं, कोणी पाणी आणलं. तिची सासू बॅग भरायला घरात गेली. त्या गलक्यात गुरुजींना कसाबसा आवाज फुटला, "कोनी नाही गेलं, बाई. यमुना उगवतीले आहे."

शेवंतानं नंतर मला फोन केला तेव्हा ती हसून हसून रडत होती. म्हणाली, "मी त्यायच्यावर लय चिडली. मंग जेवू घातलं. मंग वळली बाप्पा उगवतीकडे, काय करतं?" तिथून पुढे गुरुजी फाटकाबाहेरूनच ओरडत, "माहेरी सगळे खुशाल आहेत!" आणि मगच आत पाऊल टाकत.

हळूहळू माझ्या लक्षात आलं, की गुरुजी पहिल्या वर्गाकडे जात नाहीत. आमच्या मागचे झाले, पुढचे झाले, पण त्यांच्या अगदी पहिल्या पोरांचं नाव काढलं की ते विषय बदलत. मी एकदा स्पष्टच विचारलं. म्हणाले, "त्यायलेही मी सांगतलं नसंन, तं मंग मी जानूनबुजून खोटं शिकवलं असं झालं. भेव लागते." ऐंशीच्या घरातला माणूस, आणि हे इतकं सरळ म्हणाला की मलाच कसंतरी झालं.

तो वर्ग लहानच होता. त्यातले काही वारले होते, काही पोटामागे दूर गेले होते. गावात दोघं होते. एकानं सांगितलं, "गुरुजी, मले तं शाळाच आठवत नाही, दिल्ली कुठची?" दुसऱ्याला ऐकू येत नव्हतं. गुरुजी त्याच्या अंगणात बराच वेळ बसून परत आले. राहिली एकटी सुलोचना. तिला आंबागडला दिलेली. गुरुजींना तोवर दम लागायला लागला होता, एसटी झेपत नव्हती. काकूंनी मला बोलावून सांगितलं, "नेऊन आन यायले. रात-रात कूस बदलत राहातेत." मी रविवारी गाडी काढली.

मोहाचे दिवस होते. सुलोचनाबाई फुलं वेचायला रानात गेल्या होत्या. आम्ही त्यांच्या ओसरीवर बसलो. अंगणभर मोहफुलं वाळत घातलेली, त्यांचा गोड वास.  सुनेनं दिलेला गुरुजींचा चहा तसाच गार झाला. ऊन चढल्यावर बाई आल्या, डोक्यावर टोपली, केस पांढरे. फाटकाबाहेरून ओरडायचं गुरुजी विसरलेच होते. पण त्या बाई घाबरल्या नाहीत. टोपली उतरवली, पदर सारखा केला, वाकून पाया पडल्या आणि म्हणाल्या, "मी आयकलं गुरुजी, तुमी सगळ्यायकडे जाऊन राहिले म्हनून. माह्याकडे कायले आले? मले तं माहीतच आहे."

"काय माहीत आहे?" गुरुजी पुढे सरकून बसले.

"यमुना उगवतीले आहे ते. तुमीच सांगतलं होतं ना." त्या खाली बसल्या आणि बोलता बोलता फुलं पसरायला लागल्या. "तुमी म्हनलं, पोट्टेहो, पानी तलावात आहे म्हनून यमुना अठी धरली. खरी रोडाच्या बाजूले आहे. घरी जाऊन डोक्यात पलटवून घ्या. आता डोक्यात कसं पलटवाचं? मी घरी गेली अन् खाटेवर उलटी निजली, पायाकडे डोस्कं करून. मायनं इचारलं, हे काय वो? मी म्हनलं, दिल्ली सरळ करून राहिली. मायनं पाठीत धपाटा घातला."

गुरुजी म्हणाले, "सांगतलं होतं मी?"

"हाव ना."

"सगळ्यायले सांगतलं होतं का तुले एकटीलेच?"

"सगळ्यायले. दोनदा सांगतलं."

त्यांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला आणि पुन्हा विचारलं, "नक्की ना, सुलोचना? माह्या मनाले बरं वाटावं म्हनून तं सांगत नाहीस?" बाई हातातलं काम टाकून त्यांच्याकडे वळल्या. "गुरुजी, धपाटा मी खाल्ला. खोटी कायले बोलीन?"

गुरुजी तेव्हा जे हसले तसं हसताना मी त्यांना कधी पाहिलं नव्हतं. हसता हसता दम लागला, खोकला आला, सुनेनं पाणी आणलं. मग त्यांनी गार झालेला चहा पिऊन टाकला आणि दुसरा मागितला. त्या दिवशी त्यांनी कोणालाही उगवतीकडे वळवलं नाही. जेवलो, बाईंनी वाळल्या मोहाची पुडी बांधून दिली आणि आम्ही निघालो. वाटेत गुरुजी झोपून गेले. इतकी गाढ झोप, की मोहाडीच्या खडबडीत रस्त्यावरही त्यांना जाग आली नाही.

पुढच्या पावसाळ्यात ते गेले. मला जायला उशीर झाला, शेवटचं दर्शन झालं नाही. म्हणून माझ्यापुरते गुरुजी त्या रविवारचेच आहेत. संध्याकाळी मी गाडी त्यांच्या दारात उभी केली आणि उतरून त्यांना हात द्यायला वळून गेले, तोवर ते उतरून चालायलाही लागले होते. माझा निरोप घ्यायचं त्यांना सुचलं नाही. छत्री कॉलरला मागे हेलकावत होती. दारातूनच त्यांनी हाक मारली, "अवो, आयकलं का? मी सांगतलं होतं!"

आतून काकूंचा आवाज आला, "काय सांगतलं होतं? कोनाले?"

"पोट्ट्यायले! दोनदा सांगतलं होतं!" असं म्हणत ते आत गेले, आणि मला रस्त्यावर ऐकू येईल इतक्या मोठ्या आवाजात पहिल्यापासून सांगायला बसले.